बिनचांदणीची झाडं

जागृतीला कोणी कधी "तुझं चुकलं" म्हणालंच नव्हतं असं नाही. म्हणायचे लोक. ती शांतपणे ऐकून घ्यायची आणि मग त्या माणसाचं नेमकं कुठं चुकतंय ते त्याला समजावून सांगायची. डोंबिवलीतल्या त्यांच्या सोसायटीत टँकरवाल्यापासून सेक्रेटरीपर्यंत सगळ्यांनी तिच्यापुढे हात टेकलेले होते. त्यामुळे ठाण्याच्या कॉलेजात, भाषाविज्ञानाच्या विभागात, तिचे मार्गदर्शक अद्वय सर तिची फाईल पानापानानं उलटत गप्प होत गेले, तेव्हा बाईसाहेबांना वाटलं, सर भारावले.

"झाडं सुरेख काढलीयत," सर म्हणाले.

"थँक्यू सर."

"पण यात एकही चांदणी नाही."

ही झाडं म्हणजे खरी झाडं नव्हेत, हे आधीच सांगितलेलं बरं. जागृतीची आई कितीतरी दिवस शेजारणींना "पोरगी शेतकी शिकते" असंच सांगत होती. भाषाविज्ञानात वाक्याचं झाड काढतात. वर अख्खं वाक्य, त्याला खाली फांद्या, फांद्यांना आणखी फांद्या, आणि सगळ्यात खाली एकेक शब्द पारंबीसारखा लोंबतो. मूळ वर, पानं खाली. एवढा खटाटोप कशाला? तर वाक्य म्हणजे ओळीनं मांडलेले सुटे शब्द नसतात. कल्याणच्या मार्केटात कोथिंबिरीची जुडी उचलली की सगळ्या काड्या बरोबर येतात, तशा शब्दांच्याही जुड्या असतात. कुठला शब्द कुठल्या जुडीतला आणि ती जुडी कुठल्या मोठ्या जुडीत बसते, ते झाडावर दिसतं. जुडी भलत्या ठिकाणी फोडली की वाक्य मोडतं, बोलणाऱ्याच्या कानाला खटकतं. अशा मोडक्या वाक्याच्या कपाळावर चांदणी मारायची रीत आहे. शाळेत चांदणी म्हणजे शाबासकी, इथं चांदणी म्हणजे नापास.

"एवढ्या वाक्यांत एकही मोडकं निघालं नाही?" सरांनी विचारलं. सर मूळचे पुण्याचे. रागावले की त्यांचा आवाज आणखी हळू व्हायचा.

"नाही सर. मी शब्द मुद्दाम इकडचे तिकडे करून विचारलं. माझी आत्या म्हणाली, असंही बोलतात. आगरी बोली खूप लवचीक आहे."

"जिथं काहीही चालतं, तिथं नियम नसतो. नियम नसेल तर झाड कसलं काढलंस? शनिवारी समिती बसतेय. हीच फाईल ठेवलीस तर विषय नामंजूर होईल आणि मला तुझी बाजू घेता येणार नाही."

आता मात्र घाव वर्मी बसला. त्याला कारण होतं. पहिल्या वर्षाला वर्गातल्या सुशांतनं भर कँटीनमध्ये विचारलं होतं, "आगरीवर पीएचडी? त्याला व्याकरण असतं का?" सगळे हसले होते. जागृती तेव्हा एवढंच म्हणाली होती, "दाखवते." मग सुट्टीच्या दिवशी शहाडला जाऊन जाऊन, आत्याला विचारून विचारून, तिनं हे रान उभं केलं. आणि आता तिचीच फाईल सुशांतच्या बाजूनं साक्ष देत होती. आपल्याच हातानं आपल्या पायावर धोंडा, तोही रंगीत प्रिंटआऊट काढून.

"शनिवारच्या आत चांदण्या आणते," ती म्हणाली.

"आणणार कुठून? असतील तर सापडतील."

"आहेत सर. भाषा आहे म्हणजे असणारच."

एवढं ठासून ती बोलली खरी. खाली स्टेशनपर्यंत येईतो तिला स्वतःलाही ते पटलं होतं. पोरीचा स्वभावच तसा.

एक गोष्ट मात्र खरी, की तिला स्वतःला आगरी धड येत नव्हती. वडील काळुराम अस्सल आगरी. गावची जमीन बिल्डरला गेली तसे ते डोंबिवलीत फ्लॅटमध्ये आले, पोरांना इंग्रजी मीडियममध्ये घातलं आणि घरातली आगरी बंद केली. गाडीला कोणी कट मारला, तर तेवढ्यापुरती ती त्यांच्या तोंडून बाहेर पडायची. जागृती बोली शिकली ती पुस्तकी, सावकाश. जिभेवर भरवसा नाही म्हणून तर आत्याचा कान उसना घेतला होता.

शेवंतीआत्या म्हणजे काळुरामची थोरली बहीण. शहाड स्टेशनवर उतरून रिक्षा केली की नदीच्या अंगाला तिचं गाव. आता तिथंही बंगले झालेत, आत्याच्या घरालाही स्लॅब आहे, पण मागच्या दारी तिनं चूल ठेवलीय. तांदळाची भाकर गॅसवर होत नाही म्हणते. सोमवारी जागृती पोचली तेव्हा नेहमीचाच थाट. आत्यानं खुर्ची पुसून दिली, पंखा तिच्याकडे वळवला, आधी सरबत, मग चहा, मग चिंबोरीचं कालवण. स्वतः खाली फरशीवर बसली आणि भाचीचं तोंड बघत राहिली. माहेरचं माणूस दारात आलं की या बायकांना काय होतं कोण जाणे. नवऱ्याला दहादा सुनावणारी ही बाई, भावाच्या पोरीपुढे लोण्याहून मऊ.

"आत्या, एक वाक्य सांगते. असं बोलतात का बघ. 'चुलीच्या मागं मांजर बसलाय.'"

"हो बाय, बोलतान की."

"आता हे. 'चुलीच्या मांजर मागं बसलाय.'"

आत्यानं क्षणभर डोळे मिटले. "बोलतान. असा पन बोलतान."

जागृतीनं वहीतून मान वर केली. नीट बोलता न येणाऱ्या तिच्यासुद्धा कानाला ते वाक्य दगडासारखं लागलं होतं. "चुलीच्या मागं" ही एक जुडी, तिच्या मधोमध मांजर कसं घुसेल? तिनं श्वास घेतला आणि शब्दांची पार मिसळ केली. "बरं, हे? 'बसलाय च्या मागं मांजर चूल.'"

"आता बग," आत्या मायेनं म्हणाली, "सगली मानसा नाय बोलत. पन बोलतान कोन कोन. तू लिव."

तू लिव. जागृतीनं पेन बंद केलं. म्हणजे गेले कित्येक महिने हेच चाललं होतं तर. ती विचारत होती भाषेबद्दल आणि आत्या उत्तर देत होती पाहुणीला. पाहुणीनं पुढ्यात काहीही ठेवलं तरी गोड मानून घ्यायचं. फाईलमधलं एकेक झाड तिच्या डोळ्यांसमोर आडवं झालं. कुठलं खरं आणि कुठलं मानपानाचं, हे सांगायला काही मार्गच उरला नव्हता.

"असा कोन बोलतं गं?"

आवाज दारातून आला. दारात गोदा उभी. गोदा ही आत्याची नणंद, शेजारच्याच घरात राहते. वहिनीच्या माहेरची वस्तू असो की माणूस, त्यात खोट काढणं हा नणंदेचा जन्मसिद्ध हक्क, आणि गोदानं तो एक दिवसही वाया घालवला नव्हता. जागृतीला मात्र ती साक्षात देवीसारखी भासली. तिनं कोपऱ्यातली दुसरी खुर्ची ओढून गोदाला दिली.

"गोदाबाय, तुम्ही सांगा. 'बसलाय च्या मागं मांजर चूल.' चालेल?"

"नाय चालत."

"'चुलीच्या मांजर मागं बसलाय'?"

"नाय."

जागृतीच्या हातात पेन नाचायला लागलं. चांदण्याच चांदण्या. सरांनी मागितल्या त्याच्या दुप्पट नेईन, असं तिच्या मनात आलं. मग उगीच खात्रीसाठी तिनं सरळ वाक्य टाकलं. "'चुलीच्या मागं मांजर बसलाय.'"

"नाय," गोदा म्हणाली. "आमच्यात असा नाय बोलत."

"मग कसं बोलतात?"

"तुमच्या माहेरी बोलत असतील. आमच्यात मांजर पालतच नाय."

घ्या. एकीचं सगळ्याला हो, दुसरीचं सगळ्याला नाय. आगीतून फुफाट्यात. जागृती आयुष्यात पहिल्यांदा कपाळाला हात लावून बसली. आत्या बिचारी कावरीबावरी झाली आणि आणखी चहा ठेवायला आत गेली.

ती आत गेल्यावर गोदानं आवाज खाली आणला. "तू किती पन विचार. ती तुना नाय म्हननार नाय."

"पण का?"

"तू एवरीशी व्हतीस. हलदीला आल्ती. काय तरी बोललीस, अर्धा शेरातला, अर्धा आमचा. शेवंती हसली. मंग सगल्या बायका हसल्या. तू रडलीस. तुजा बापूस तुना उचलून गारीत बसला. बोलला, माजे पोरीला हसाचा असंल तर परत आननार नाय." गोदानं पदर सारखा केला. "नाय आनला. लगनाला येयाचा तर एकटा. ही दर सनाला तुज्या वाटनीची पोली ठेवाची आनि मंग संध्याकाली मना खायाला द्याची. आता तू तुज्या पायानी येतंस. ती कशाला बोलंल तुना, चुकलीस म्हनून?"

जागृतीला ती हळद आठवत नव्हती. रडल्याचंही आठवत नव्हतं. घरी विचारलं की "परीक्षा आहे तुझी, गावाला काय जायचं" एवढंच उत्तर मिळायचं, आणि परीक्षा तर नेहमीच असायची. आपल्यापायी एक माणूस इतकी वर्षं जीभ दाताखाली धरून बसलंय, हे कळल्यावर तिला फार वाईट वाटलं. वडिलांचा रागही आला. मग तिनं आपल्या स्वभावाप्रमाणे ठरवून टाकलं. आईला फोन लावला. "मी शुक्रवारपर्यंत इथंच आहे. नाही, आजारी नाही कोणी. पप्पांना सांग, राहतेय."

आणि ती खुर्चीवरून उठली.

पाहुणीला खुर्ची मिळते आणि घरच्या पोरीला बोलणी. इतकं साधं होतं ते, आणि भाषाविज्ञानाच्या जाड जाड पुस्तकांत कुठं लिहिलेलं नव्हतं. जागृतीनं वही पिशवीत घातली ती घातलीच. आत्याचा गाऊन चढवला आणि मागच्या दारी जाऊन चुलीपुढे बसकण मारली. पहिल्या दिवशी तिनं केलेल्या भाकरीला कुठल्याच अंगानं भाकर म्हणता आलं नसतं. "छान झाली बाय," आत्या म्हणाली आणि ती खाल्लीसुद्धा. दुसऱ्या दिवशी जागृतीनं कालवणात दोनदा मीठ घातलं. "जरा चव आली," आत्या म्हणाली. गोदा कुंपणापलीकडून हे सगळं ऐकत होती आणि तिच्या पोटात दुखत होतं. जागृती तोडक्यामोडक्या आगरीत दिवसभर बडबडत राहिली. चुकत होती, चुकलेलं सोडून पुढं जात होती. आत्याच्या कपाळावर आठी यायची, ओठ हलायचे, आणि शब्द गिळला जायचा. गुरुवार उजाडला तरी पालथ्या घड्यावर पाणी. समिती परवावर आली होती. जागृती मात्र तसूभर ढळली नव्हती. चांदणी येणार, फक्त जागा करून द्यायला हवी, असं ती स्वतःला बजावत होती.

त्या सकाळी आत्याच्या मुलानं, दिपेशनं, पाटीभर म्हावरा आणून दिला होता. आत्या विळीवर बसून साफ करत होती, जागृती चुलीपाशी पीठ मळत होती. एवढ्यात गावातलं एक दांडगं मांजर कुंपणावरून उतरलं, पाटीतला सगळ्यात मोठा मासा उचलला आणि चुलीच्या मागच्या कोपऱ्यात शिरलं.

आत्याची पाठ तिकडं होती. "कंचा गेला गं? कुठं गेला?" ती ओरडली.

जागृतीनं बोट दाखवलं असतं तर काम झालं असतं. पण तिनं बोट पिठात ठेवलं. "आत्ये, चुलीच्या मांजर मागं बसलाय."

"कुठं?"

"चुलीच्या मांजर मागं."

"नाय गं बाय, काय बोलतंस तू? मांजराच्या मागं का चुलीच्या मागं? 'चुलीच्या मागं' असा एकदम बोलाचा, मधी मांजर कशाला घुसवतंस? असा नाय बोलत कोन."

मांजर मासा घेऊन पसार झालं. आत्या अर्धवट साफ केलेला मासा हातात धरून उभी होती. आपण काय बोललो ते तिला आता उमगलं, आणि तिचा चेहरा पांढराफटक पडला. तिनं जागृतीकडं पाहिलं, मग दाराकडं पाहिलं. आता ही उठणार, पिशवी उचलणार, जाणार, हे तिला दिसत असावं.

जागृती उठली नाही. तिनं पिठाचा गोळा पुढं सरकवला. "आत्ये, पाणी जास्त झालंय का गं?"

आत्यानं हातातला मासा पाटीत टाकला. मग खाली बसली.

"झालाय," ती म्हणाली. "कवापासून झालाय. परवापासून सगला जास्तच करतंस तू. आनि मीठ. मीठ कोन घालतं एवरा?" तिचे डोळे भरून आले होते, पण आवाजाला आता धार चढली होती. "आनि बसतंस कशी, पाय बग तुजे."

बांध फुटला म्हणतात तसं झालं. बसण्यावरून बोलण्यावर, बोलण्यावरून बापावर. जागृतीनं एकेक जुनं वाक्य पुन्हा काढलं, आणि आत्या भाकरी थापता थापता, वर न बघता, निकाल देत गेली. हे बोलतान. हे नाय. हे नाय, तोंड वाकरा होतं. हे बोलतान, पन रागानी. जागृतीनं चुलीतला कोळसा घेऊन फरशीवर झाड काढून दाखवलं.

"झार उलटा हाय," आत्या म्हणाली.

"असंच काढतात. ही फांदी बघ, 'चुलीच्या मागं'. ती ओढली की दोन्ही शब्द बरोबर येतात."

"ते तर येनारच. इतके दिवस त्याला शिकाला लागतं?"

आणि गोदा? शेवंती "नाय" म्हणतेय हे ऐकून ती कुंपण ओलांडूनच आली. आजवर शेवंती हो म्हणायची म्हणून गोदाला नाय म्हणावं लागत होतं. आता शेवंतीनं नाय धरल्यावर गोदाचा पक्ष आपोआप बदलला. शेवंतीनं नाय म्हटलं की ती म्हणायची, "बोलतान की, माजी आईस बोलाची." मग दोघींची जुंपायची, उदाहरणं निघायची, मेलेल्या माणसांना साक्षीला आणलं जायचं. पण अधूनमधून असं एखादं वाक्य यायचं, की गोदा तोंड उघडायची, ते वाक्य जिभेवर एकदा घोळवून बघायची आणि मुकाट्यानं तोंड मिटायची. जिथं गोदासुद्धा शेवंतीला विरोध करू शकली नाही, तिथं जागृतीनं चांदणी मारली. याहून पक्की चांदणी जगात कुठल्या विद्यापीठात मिळाली नसती.

शनिवारी ठाण्याला समितीपुढे ती उभी राहिली तेव्हा फाईल आधीच्यापेक्षा निम्मी झाली होती. उरलेल्या झाडांच्या शेजारी मोडकी वाक्यं होती आणि त्यांच्या कपाळावर चांदण्या. जुना मसुदाही तिनं लपवला नव्हता, शेवटी जोडला होता. समितीतल्या एका बाईंनी चष्मा काढला. "तुमच्या आधीच्या मसुद्यात याच बाईंनी हीच वाक्यं बरोबर ठरवली होती. मग आता विश्वास का ठेवायचा?"

मागच्या बाकावर सुशांत होता. अद्वय सर खाली बघत होते.

"कारण तेव्हा आत्या पाहुणीशी बोलत होती," जागृती म्हणाली. "चूक माझ्या विचारण्यात होती. आमच्याकडे माहेरच्या माणसाला नाही म्हणत नाहीत, आणि मी खुर्चीत बसून विचारत होते. आता मी खाली बसते. ती मला ओरडते. पुढच्या गावांतही मी आधी राहणार आहे, विचारणार नंतर. आगरीत काय चालत नाही, ते आगरी माणूस फक्त घरच्यांना सांगतो."

बाईंनी चष्मा परत लावला आणि एकेक चांदणी वाचून काढली. विषय मंजूर झाला. सुशांत बाहेर येऊन म्हणाला, "मानलं." जागृती म्हणाली, "मानायलाच पाहिजे," आणि आत्याला फोन लावायला जिन्यापाशी गेली.

"आत्ये, झालं. मंजूर झालं."

पलीकडे आधी भांडं खाली ठेवल्याचा आवाज आला. मग आत्या लांब कुणाला तरी "पास झाली गं" म्हणाली, आणि त्या कुणीतरी, म्हणजे गोदानंच, "त्यात काय एवरा" म्हटलेलंही ऐकू आलं.

"आता जरा सगळं टाईप करायचंय," जागृती म्हणाली. "पुढच्या महिन्यात येते मी."

"नाय," आत्या म्हणाली.

"नाय?" जागृतीनं विचारलं.

"पुढल्या महिन्यात नाय. आयतवारी ये. आनि बापसाला घेऊन ये. त्याला सांग, शेवंतीला तुना बोलाचा हाय. तो नाय म्हनंल, तर मी येतंय तिकरं डोंबोलीला."

अख्ख्या सोसायटीला आजवर उत्तर देत आलेल्या जागृतीनं या वेळी नुसतं ऐकून घेतलं. जिन्यावरून पोरं वरखाली करत होती.

"हो आत्ये," ती म्हणाली.